भाऊबंदकी आणि बेस गिटार

परवा गुडलकला बन मस्का खात होतो आणि शेजारच्या टेबलवर कॉलेजची चार पोरं बँडचं नाव काय ठेवायचं यावरून जाम भांडत होती, गाणं अजून एक नाही हां. मला एकदम क्रीडन्स क्लिअरवॉटर रिव्हायव्हल हा जुना अमेरिकन रॉक बँड आठवला.

कॅलिफोर्नियातली शाळेपासूनची पोरं. आधी गायचा थोरला भाऊ टॉम फोगर्टी, मग धाकट्या जॉनचा आवाज ऐकला आणि टॉम गपचूप रिदम गिटारवर गेला. पुढे गाणी जॉनची, आवाज जॉनचा, लीड गिटार पण जॉनच. 1969 या एका वर्षात तीन अल्बम! तीन!! आणि 1971 ला टॉम बाहेर. भाऊबंदकी पुण्याला काय नवीन नाही म्हणा, शनिवारवाडा रोज बघतो आपण.

सगळे म्हणतात जॉन हुकूमशहा होता, म्हणून बँड फुटला. मला नाही पटत. बँड खरा गेला तो 1972 च्या 'मार्डी ग्रा' अल्बमला, जेव्हा बेसवाला स्टू कुक आणि ड्रमर डग क्लिफर्ड यांनी पण आपापली गाणी लिहून आपणच गायली. आम्ही मागितलंच नव्हतं, जॉनने लादलं असं ते दोघं म्हणतात, जॉन म्हणतो त्यांनाच पाहिजे होतं. काही असो, त्याच वर्षी दुकान बंद. आणि राग किती टिकावा? 1993 ला रॉक अँड रोल हॉल ऑफ फेमच्या सोहळ्यात जॉनने रॉकस्टार ब्रूस स्प्रिंगस्टीनला घेऊन वाजवलं पण स्टू आणि डगला सोबत वाजवू दिलं नाही. तोवर टॉम जाऊन दोन वर्षं होऊन गेली होती.

आता खरं सांगतो, मी आमच्या बँडचा स्टू कुक. सहकारनगरला ड्रमरच्या गच्चीवरच्या खोलीत भिंतीला अंड्याचे ट्रे चिकटवून प्रॅक्टिस करायचो, तरी खालच्या काकू झाडूचा दांडा छताला आपटायच्याच. गाणी सगळी गिटारवाल्याची. मीच तोंड वर करून म्हणालो, माझी पण दोन घ्यायची. तो म्हणाला घे, आणि गॅदरिंगला माझं पहिलं गाणं सुरू झाल्यावर अर्धं पब्लिक उठून वडापाव खायला गेलं, तेव्हा तो माझ्याकडे बघून नुसता हसला. ते हसू मला अजून झेपत नाही. गाणं भंगार होतं हे मला दुसऱ्या कडव्यालाच कळलं होतं, पण मान्य कोण करणार, मग महिनाभर अबोला आणि संपलं.

अँप अजून माझ्या माळ्यावर आहे. निम्मे पैसे त्याचे आहेत, त्यामुळे विकता पण येत नाही.