साठ टक्के सवलतीचं कपाट

फेब्रुवारी २०२४ मध्ये अमळनेरला ९७वं साहित्य संमेलन भरलं. तेव्हाही आणि नंतरही खानदेशातल्या चर्चांत दोन वाक्यं ठरलेली: ‘आता वाचतं कोण?’ आणि ‘पुस्तकं परवडतात कुठं?’ जर्मनीत बसून ती ऐकली की तिसरंच काहीतरी विचारावंसं वाटतं. तालुक्याच्या वाचनालयाच्या कपाटात पुस्तकं येतात ती कोणत्या कसोटीवर? उत्तर बहुतेकदा बिलाच्या तळाशी सापडतं: सवलत.

समजा, मार्च तोंडावर आलाय आणि खरेदीसाठी २०,००० रुपये आहेत. एक विक्रेता २५ टक्के सूट देतो, त्याच्या पुस्तकाची छापील किंमत सरासरी ३०० रुपये. म्हणजे एक पुस्तक २२५ला पडलं, एकूण ८८ आली. दुसरा ६० टक्के देतो, पण त्याची सरासरी छापील किंमत ६००. एक पुस्तक २४०ला, एकूण ८३. सवलत दुपटीहून जास्त आणि पुस्तकं पाच कमी! वर ती पुस्तकं जाड फुगीर कागदाची, मोठ्या टाइपाची, दीडशे पानांत आटोपलेली. किंमत आधीच वाढवून छापलेली असते, म्हणून तर एवढी सूट परवडते. विक्रेत्याला दोष देऊन उपयोग नाही. दरपत्रकांच्या तक्त्यात ‘सवलत टक्के’ एवढा एकच रकाना ठेवला की बाजार त्या रकान्याप्रमाणेच माल बनवतो. त्याच्या शेजारी ‘हातात पडलेली किंमत भागिले पानं’ असा दुसरा रकाना आखला तरी अर्धी यादी आपोआप गळेल.

जर्मनीत हा खेळ कायद्यानंच बंद आहे. २००२च्या कायद्यानुसार नव्या पुस्तकाची किंमत प्रकाशक ठरवतो आणि ती सगळीकडे तीच राहते. खेड्यातल्या दुकानातही तीच, ऑनलाइन बड्या कंपनीकडेही तीच. हे बंधन उठवायची मुभा प्रकाशकाला दीड वर्षानंतर मिळते. नगरपालिकांच्या वाचनालयांना सूट द्यायची तर जास्तीत जास्त १० टक्के. त्यामुळे तिथल्या ग्रंथपालाला विक्रेत्याशी टक्क्यांवर घासाघीस करायला जागाच उरत नाही, बोलणं होतं ते पुस्तकावर. आपल्याकडे छापील किंमत ही फक्त वरची मर्यादा. खाली कितीही उतरा.

पण म्हणून ‘तोच कायदा महाराष्ट्रात आणा’ हे जर्मनीतल्या काही मराठी मंडळींचं लाडकं वाक्य मला पटत नाही. त्या कायद्याला घाऊक वितरणाची जोड आहे. संध्याकाळी दुकानात मागणी नोंदवली की बहुतेक पुस्तकं दुसऱ्या दिवशी सकाळी हजर. शहाद्याच्या किंवा धडगावच्या वाचकाला ही सोय नाही. त्याच्यासाठी प्रदर्शनातली सवलत हाच पुस्तक घ्यायचा मुहूर्त असतो. तो काढून घेतला आणि बदल्यात काही दिलं नाही, तर तो पुस्तकच घेणार नाही. आधी टपालाचं बोला. मे २०२५ पासून डाक विभागाच्या ‘ज्ञान पोस्ट’मध्ये ३०० ग्रॅमपर्यंतचं पुस्तक २० रुपयांत आणि ५ किलोपर्यंतचं पार्सल १०० रुपयांत जातं, कर वेगळा. म्हणजे एकेक पुस्तक मागवण्यापेक्षा आठदहा वाचकांनी एकत्र मागवलं की पुस्तकामागे वाहतूक दहाबारा रुपयांवर येते. कायद्याआधी हे करता येतं.

आता कपाटात काय असावं. शंभर पुस्तकं घ्यायची तर माझा हिशेब असा: चाळीस कथा-कादंबऱ्या, पस्तीस कथेतर, उरलेली मुलांची. स्पर्धा परीक्षेची पुस्तकं यात धरूच नयेत. ती दोन वर्षांत शिळी होतात, त्यांचा खर्च अभ्यासिकेच्या खात्यातून व्हावा. कथेतरात चरित्रं आणि ‘यशस्वी व्हा’ छापाच्या पुस्तकांचाच भरणा असतो. शेती, आरोग्य, कायदा, विज्ञान, प्रवास यांना चार-चार तरी जागा हव्यात. केळी पिकवणाऱ्या रावेरच्या वाचनालयात मातीवरचं एकही धड पुस्तक नसावं, ही गोष्ट ‘वाचतं कोण’पेक्षा गंभीर आहे.

पुस्तक हातात आलं की आधी श्रेयपान उघडावं. आवृत्ती कितवी, पुनर्मुद्रण कधीचं, अनुवाद असेल तर अनुवादकाचं नाव आहे का, मूळ भाषेतून केलाय की इंग्रजीवरून, कुठं ‘संक्षिप्त’ हा शब्द बारीक टाइपात दडलाय का. वैचारिक पुस्तकात शेवटी सूची असेल तर ते चारदा उघडलं जाईल. सूची नसलेलं चारशे पानी इतिहासाचं पुस्तक देवघेवीत फिरत नाही, कारण त्यात काही शोधताच येत नाही. मग पुस्तक मधोमध उघडून दोन्ही बाजू सपाट दाबाव्या. पाठीतून कट्कन आवाज आला आणि पानांच्या मुळाशी दोरा दिसला नाही, तर ती नुसती गोंदाची बांधणी. भुसावळच्या मे महिन्यात ४५ अंशांला पत्र्याखाली तो गोंद वाळून तडकतो आणि पानं सुटी होतात. दोऱ्याची शिलाई असलेली प्रत थोडी महाग पडली तरी तीच घ्यावी.

घरच्या, म्हणजे खानदेशाशी जोडलेल्या लेखकांच्या बाबतीत तर जास्त डोळसपणा हवा. साने गुरुजी १९५० साली गेले. आपल्याकडे लेखकाच्या निधनानंतर साठ वर्षांनी हक्क संपतात, म्हणून २०११ पासून ‘श्यामची आई’ कुणीही छापू शकतो. स्वस्त प्रतींचा पूर आलाय. घेताना बेचाळीसच्या बेचाळीस रात्री आहेत ना, एवढं अनुक्रमणिकेत मोजावं. काटछाट तिथंच कळते. बहिणाबाईंच्या गाण्यांत धोका वेगळा. लेवा बोलीत ‘ळ’चा ‘य’ होतो: काळ्याचं ‘काया’, डोळ्याचं ‘डोया’. अतिउत्साही मुद्रितशोधक ते ‘शुद्ध’ करून टाकतो आणि ओळीचा ठेका मोडतो; किंवा तसंच ठेवतो, पण टीप देत नाही. मग पुण्याचा वाचक ‘काया’ म्हणजे शरीर समजून पुढं जातो. शेवटी शब्दार्थ असलेली प्रतच घ्यावी. बहिणाबाईंच्या आसोद्याच्या वाचकाला ती लागणार नाही, पण त्याच्या नातवाला लागेल.

‘गीता प्रवचने’ तर कथेतराच्या कपाटात अगदी समोर हवी. विनोबांनी १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात ती प्रवचनं दिली आणि ती उतरवून घेतली साने गुरुजींनी. हे पुस्तक ‘धार्मिक’ शिक्क्याखाली पोथ्यांशेजारी ठेवलं की तरुण वाचक तिकडं फिरकत नाही. कपाट बदललं की वाचक बदलतो.

जर्मन वाचनालयांचंही सगळं गोमटं नाही. रविवारी बहुतेक बंद असतात, नोकरदाराला ज्या दिवशी सवड असते नेमकं त्याच दिवशी. पण एक गोष्ट ते न लाजता करतात: जुनं काढून टाकतात. मळकं, कालबाह्य, पाच वर्षांत कुणी न नेलेलं पुस्तक शिक्का मारून एक-दोन युरोंत विकतात. आपल्याकडे निर्लेखन, म्हणजे पुस्तक नोंदीतून काढून टाकणं, म्हटलं की ग्रंथपालाच्या अंगावर काटा येतो. वाचनालयाचा अ-ब-क-ड वर्ग ठरवताना ग्रंथसंख्या धरली जाते, म्हणून वाळवीनं खाल्लेलंही दाखल नोंदवहीत जिवंत ठेवावं लागतं. संख्या फुगते, नवं पुस्तक मागच्या रांगेत जातं आणि काचेच्या दाराला कुलूप असल्यानं ते कुणाच्या हाती लागत नाही. सुरुवात तिथूनच करता येईल: मागच्या तीन वर्षांच्या देवघेव नोंदी काढायच्या, एकदाही न गेलेल्या पुस्तकांना पाठीवर पेन्सिलची खूण करायची आणि एका कपाटाचं कुलूप महिनाभर उघडं ठेवून बघायचं की खूण केलेल्यांपैकी किती बाहेर जातात.