एसआयपी केली म्हणून गृहकर्ज बिनव्याजी होत नाही

गेली काही वर्षे व्हॉट्सअ‍ॅपवर आणि रील्समधून एक हिशेब सातत्याने फिरतो आहे. पन्नास लाखांचे गृहकर्ज साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले, तर हप्ता ४३,३९१ रुपये बसतो आणि वीस वर्षांत सुमारे ५४ लाख रुपये व्याजापोटी जातात. कर्ज घेतल्याच दिवशी दरमहा ५,५०० रुपयांची एसआयपी (म्युच्युअल फंडात दर महिन्याला ठरावीक रक्कम गुंतवणे) सुरू करा, बारा टक्के परतावा धरा, वीस वर्षांनी हातात सुमारे ५५ लाख येतील. म्हणजे बँकेला दिलेले सगळे व्याज वसूल झाले आणि घर बिनव्याजी पडले, असे त्यात सांगितलेले असते. याला जोडून आणखी तीन सल्ले येतात: मुदत शक्य तितकी लांब घ्यावी, कर्ज मुदतीआधी कधीही फेडू नये, आणि करसवलतीमुळे व्याजाचा भार तसाही निम्म्यावर येतो.

यातली आकडेमोड बरोबर आहे आणि म्हणूनच तो हिशेब लोकांना पटतो. त्यातून काढलेला निष्कर्ष मात्र चुकीचा आहे, आणि घरासाठी आयुष्यातले सर्वांत मोठे कर्ज काढणाऱ्या माणसाला तो महागात पडू शकतो. एसआयपी वाईट आहे, असे मला अजिबात म्हणायचे नाही. कर्जाचा खर्च आणि गुंतवणुकीची कमाई या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि एकीने दुसरी पुसली जाते असे मानल्यावर कर्जाचा खरा खर्च दिसेनासा होतो, एवढेच माझे म्हणणे आहे.

पहिला मुद्दा व्याज ‘वसूल’ होण्याचा. ५,५०० रुपये दरमहा याप्रमाणे २४० महिन्यांत १३ लाख २० हजार रुपये तुम्ही स्वतःच्या खिशातून भरलेले असतात. म्हणजे त्या ५५ लाखांतला जवळजवळ चौथा हिस्सा ही कमाई नसून तुमचाच पगार आहे. उरलेल्या नफ्यावर करही आहे. जुलै २०२४ पासून समभागांवर आधारित म्युच्युअल फंडांच्या दीर्घकालीन भांडवली नफ्यावर, वर्षाला सव्वा लाखापर्यंतचा नफा सोडून, साडेबारा टक्के दराने कर लागतो आणि त्यावर उपकर. सगळी रक्कम एकाच वर्षी काढली तर कर सव्वापाच लाखांच्या घरात जातो, आणि हातात येणारे सुमारे ४९ लाख ७० हजार रुपये व्याजापेक्षा कमीच भरतात. टप्प्याटप्प्याने काढल्यास कर थोडा वाचेल, हे खरे. पण दाव्यात कराचा उल्लेखच नसतो.

याहून मोठी चूक तुलनेची आहे. महिन्याला ५,५०० रुपये जास्तीचे काढण्याची ज्याची ऐपत आहे, त्याच्यापुढे दोन वाटा असतात: ते एसआयपीत घालणे किंवा हप्त्याबरोबर कर्जात भरणे. दाव्यात पहिलीच वाट मोजलेली आहे. दुसरी मोजून पाहू. दरमहा ४८,८९१ रुपये भरले तर वीस वर्षांचे कर्ज सुमारे सव्वापंधरा वर्षांत संपते आणि व्याजात पंधरा लाखांच्या आसपास बचत होते. त्यानंतर उरलेले ५७ महिने संपूर्ण ४८,८९१ रुपये मोकळे होतात. ते त्याच फंडात, त्याच बारा टक्क्यांनी गुंतवले, तर विसाव्या वर्षाअखेर सुमारे ३७ लाख ७० हजार रुपये जमतात. दोन्ही वाटांवर वीस वर्षे दरमहा खिशातून जाणारी रक्कम अगदी एकच आहे. एकीकडे सुमारे ५५ लाख, दुसरीकडे ३७ लाख ७० हजार. दोन्हींचा कर वजा केला की फरक राहतो सुमारे १३ लाखांचा. एसआयपीचे खरे श्रेय एवढेच आहे. ५४ लाखांचे व्याज शून्य झालेले नाही.

शिवाय हे १३ लाखही बारा टक्के मिळाले तरच. परतावा दहा टक्के मिळाला तर एसआयपीचे ५५ लाख ४२ लाखांवर येतात आणि दोन वाटांमधला करोत्तर फरक चार लाखांच्याही खाली जातो. परतावा साडेआठ टक्केच मिळाला, तर कर्ज लवकर फेडणारा माणूस पुढे निघतो, कारण वाचवलेल्या व्याजावर कर लागत नाही. जास्तीचा रुपया कर्जात भरला की साडेआठ टक्के करमुक्त आणि खात्रीचा लाभ होतो. बाजारातले बारा टक्के ही अपेक्षा असते, वचन नसते. दोहोंतला साडेतीन टक्क्यांचा फरक हा जोखीम पत्करल्याचा मोबदला आहे. तो मिळतो तेव्हा आनंदाने घ्यावा, पण दिलेले व्याज परत मिळाले असे त्याला म्हणता येणार नाही.

जोखीम हा शब्द अशा हिशेबांत फार सहज वापरला जातो. २००८ या एका वर्षात सेन्सेक्स हा शेअर बाजाराचा निर्देशांक निम्म्याहून अधिक घसरला होता, आणि २०२०च्या जानेवारीतील उच्चांकापासून २३ मार्चपर्यंत तो सुमारे ३८ टक्के उतरला. दोन्ही वेळा बाजार सावरला. पण एसआयपीतली रक्कम शेवटच्या वर्षांतच सर्वांत मोठी असते, आणि घसरण नेमकी त्याच वेळी आली तर वीस वर्षांचा सरासरी परतावा काही महिन्यांत दोन-तीन टक्क्यांनी खाली येऊ शकतो. नोकरी गेली, घरात आजारपण आले की एसआयपी लोक थांबवतात, कारण ती थांबवता येते. हप्ता थांबवता येत नाही.

आता मुदतीचा सल्ला. वीसऐवजी तीस वर्षांची मुदत घेतली की हप्ता ४३,३९१ वरून ३८,४४६ वर येतो. महिन्याला पाच हजारांच्या या दिलाशासाठी एकूण व्याज ५४ लाखांवरून ८८ लाखांवर जाते. असे का होते, हे पहिल्याच हप्त्यात दिसते. पन्नास लाखांवर साडेआठ टक्क्यांनी एका महिन्याचे व्याज ३५,४१७ रुपये होते. वीस वर्षांच्या कर्जात पहिल्या हप्त्यातले ७,९७४ रुपये मुद्दलात जातात. तीस वर्षांच्या कर्जात केवळ ३,०२९. हप्ता अकरा टक्क्यांनी कमी झाला, पण मुद्दल फिटण्याचा वेग साठ टक्क्यांहून अधिक मंदावला. वीस वर्षांच्या कर्जातही पाच वर्षांत २६ लाखांहून अधिक रक्कम भरल्यावर मुद्दल कमी होते जेमतेम सहा लाखांनी. ४४ लाख उरलेलेच असतात. घर विकायची किंवा कर्ज दुसऱ्या बँकेत नेण्याची वेळ येते तेव्हा पुष्कळांना हा आकडा प्रथमच कळतो, आणि बँकेने फसवले असे वाटते. बँकेने फसवलेले नसते. कर्जाची रचनाच तशी असते आणि परतफेडीच्या तक्त्यात ती महिन्यागणिक छापलेली असते. आणि पस्तिशीत घेतलेले तीस वर्षांचे कर्ज पासष्टीला संपते, म्हणजे पगार थांबल्यावरही हप्ता चालू राहतो, हे वेगळेच.

दाव्यात साडेआठ टक्के हा दर वीस वर्षे जागचा हलत नाही. प्रत्यक्षात आपल्याकडची बहुतेक गृहकर्जे फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची आहेत, आणि १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना अशी नवी कर्जे रेपोसारख्या (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते तो दर) बाह्य मानदंडाशी जोडावी लागतात. मे २०२२च्या सुरुवातीला ४ टक्के असलेला रेपो दर फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहा टक्क्यांवर गेला, म्हणजे सुमारे नऊ महिन्यांत अडीच टक्क्यांची वाढ झाली. २०२१मध्ये पावणेसात टक्क्यांनी, वीस वर्षांसाठी पन्नास लाख घेणाऱ्याचा हप्ता ३८,०१८ रुपये होता. दीड वर्षानंतर दर सव्वानऊ टक्के झाला असे धरले, तर उरलेल्या ४८ लाखांवर एका महिन्याचे व्याजच सुमारे ३७,१०० रुपये होते. मुद्दलात जायला नऊशे रुपये उरतात. हप्ता तोच ठेवला तर कर्ज फिटायला तिथून पुढे चाळीस वर्षे लागतील. त्या काळात अनेकांचा हप्ता वाढला नाही, पण मुदत गुपचूप वाढली, ती अशी. म्हणूनच रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३मध्ये असा नियम केला की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडेथोडे, हा पर्याय कर्जदाराला दिलाच पाहिजे. २०२५मध्ये रेपो दर उतरत डिसेंबरात सव्वापाच टक्क्यांवर आला, तेव्हा उलट दिशेने हाच प्रश्न होता. दर उतरल्यावर ज्यांनी जुनाच हप्ता चालू ठेवला त्यांची मुदत घटली. ज्यांनी हप्ता कमी करून घेतला, त्यांना महिन्याचा दिलासा मिळाला आणि मुदत होती तेवढीच राहिली.

करसवलतीमुळे व्याज निम्म्यावर येते, हे म्हणणे जुन्या करपद्धतीतही खरे नव्हते. स्वतः राहत असलेल्या घरासाठी व्याजाची वजावट वर्षाला दोन लाखांपुरती मर्यादित आहे, आणि आपल्या उदाहरणात पहिल्याच वर्षाचे व्याज ४ लाख २१ हजार होते. तीस टक्क्यांच्या टप्प्यातील माणसाचा उपकरासह जास्तीत जास्त ६२,४०० रुपये कर वाचतो, म्हणजे पहिल्या वर्षी साडेआठ टक्क्यांचा दर फार तर सव्वासात टक्क्यांवर येतो. नव्या करपद्धतीत, जी २०२३-२४ या आर्थिक वर्षापासून आपोआप लागू होते, स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वजावट मिळतच नाही आणि मुद्दलाच्या परतफेडीवरही नाही. म्हणजे ज्या पगारदारांनी नवी पद्धत स्वीकारली आहे, त्यांना हा मुद्दा लागूच पडत नाही. नवराबायको दोघांच्या नावे घर आणि कर्ज असेल, दोघेही कमावते असतील आणि दोघांनीही जुनी पद्धत निवडली असेल, तर वजावट दोघांना स्वतंत्रपणे घेता येते. पण तीही जुन्या पद्धतीचा एकूण हिशेब फायद्याचा ठरत असेल तरच.

शेवटी, व्याज म्हणजेच कर्जाचा सगळा खर्च, हे दाव्यात न बोलता गृहीत धरलेले आहे. पुणे महापालिका हद्दीत बांधकाम चालू असलेला ६५ लाखांचा फ्लॅट पुरुषाच्या नावे घेतला, तर सात टक्के मुद्रांक शुल्काचे ४ लाख ५५ हजार, नोंदणी फीचे तीस हजार आणि पाच टक्के जीएसटीचे सव्वातीन लाख हे कर्जाबाहेरचे असतात. स्वतःच्या हिश्शाचे पंधरा लाख धरून हप्ता सुरू होण्याआधीच २३ लाख रुपये उभे करावे लागतात, आणि पुष्कळदा त्यातले काही वैयक्तिक कर्जातून किंवा सोने गहाण ठेवून येतात. त्यांचे व्याज गृहकर्जाच्या हिशेबात कोणी धरत नाही. फ्लॅट महिलेच्या नावे घेतल्यास महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे, ती मात्र जरूर घ्यावी.

कर्ज मंजूर होताना पुढे केला जाणारा विमा हाही असाच खर्च आहे. कर्जदाराच्या पश्चात कर्जाचा बोजा कुटुंबावर येऊ नये, हा हेतू रास्तच आहे आणि मुदतीचा विमा असलाच पाहिजे. पण तो त्या बँकेने सुचवलेल्या कंपनीकडूनच घेतला पाहिजे, असे कायद्यात नाही. विम्याचा दीड लाखाचा एकरकमी हप्ता ‘कर्जातच धरू या, तुम्हाला आत्ता काही भरायला नको’ असे सांगून कर्जात मिळवला, की साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत तो ३ लाख १२ हजारांना पडतो. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जाबरोबर ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ देणे बंधनकारक आहे; त्यात प्रक्रिया शुल्क, विमा आणि इतर आकार धरून वार्षिक दर दिलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर करण्यापेक्षा या दरावर करावी.

‘मुदतीआधी फेडू नका’ या सल्ल्याचे उत्तर वर बरेचसे आलेच आहे. फक्त वेळेचे महत्त्व सांगायचे राहिले. आपल्या उदाहरणात पहिले वर्ष संपताच एक लाख रुपये मुद्दलात भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे अकरा हप्ते, म्हणजे पावणेपाच लाखांहून अधिक रक्कम, भरावी लागत नाही. तेच एक लाख पंधराव्या वर्षाअखेर भरले तर साडेतीन हप्तेच वाचतात. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा कोणताही आकार घेण्यास रिझर्व्ह बँकेने २०१२पासूनच बँकांना मनाई केलेली आहे, त्यामुळे बोनस, पगाराची हाती आलेली थकबाकी किंवा मुदत संपलेली ठेव सुरुवातीच्या वर्षांत कर्जात भरायला खर्च काही येत नाही. अट एकच, की आधी सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते भागतील एवढी रक्कम हाताशी असावी, कारण कर्जात भरलेला पैसा अडचणीच्या वेळी सहसा परत काढता येत नाही. आणि अंशतः परतफेड करताना अर्जात ‘हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी’ असे स्पष्ट लिहून द्यावे, नवा परतफेडीचा तक्ता मागून घ्यावा आणि शेवटच्या हप्त्याची तारीख खरोखर अलीकडे आली आहे, हे त्यात तपासून पाहावे.