सरकारी बिलाला ३० वर्षांची मुदत नाही

‘सरकारकडे थकलेल्या बिलासाठी ३० वर्षांत कधीही कोर्टात जाता येतं’ हा फिरणारा मेसेज चुकीचा आहे. १९६३च्या मुदत कायद्यातली ती ३० वर्षं सरकारने लावलेल्या दाव्यांसाठी आहेत. पुरवठादाराला सर्वसाधारणपणे ३ वर्षंच मिळतात. उधारीची मुदत ठरलेली नसेल तर ही ३ वर्षं माल पोचवल्यापासून मोजतात. आपण कितीही स्मरणपत्रं पाठवली तरी मुदत वाढत नाही, आणि फसगत होते ती इथेच. मुदतीच्या आत खात्याने देणं लेखी, सहीनिशी मान्य केलं, तर मात्र ती नव्याने सुरू होते. केंद्र किंवा राज्य सरकारवर दावा लावण्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० खाली २ महिन्यांची नोटीस द्यावी लागते; तेवढा काळ मुदत मोजताना धरत नाहीत.