पार्श्वसंगीतकारही चित्रपटाचा लेखकच

पुण्यातला माझा एक मित्र मराठी चित्रपटांना पार्श्वसंगीत देतो. त्याने रॉयल्टीचा, म्हणजे संगीत पुढे वापरलं जाईल तेव्हा मिळणाऱ्या मोबदल्याचा, विषय काढला तेव्हा निर्माता म्हणाला, "मानधन दिलंय ना? मग परत कसले पैसे?" यावरून आमच्या ग्रुपवर कडाक्याचा वाद झाला आणि निम्मे लोक निर्मात्याच्या बाजूने उभे राहिले. मी राहते लीलला, उत्तर फ्रान्समध्ये. शेजारचं रूबे हे फ्रेंच चित्रपटसंगीतकार जॉर्ज दलर्यू यांचं जन्मगाव, आणि या वादात त्यांचं उदाहरण मला फार मोलाचं वाटतं.

रूबे म्हणजे इथलं गिरणगाव. १९२५ साली जन्मलेल्या दलर्यूंना घरच्या ओढाताणीमुळे १९४० मध्ये शिक्षण सोडून धातूच्या कारखान्यात जावं लागलं. क्लॅरिनेट मात्र सुटली नाही. सायकलच्या अपघातात पाठ दुखावली, बरेच दिवस अंथरुणात गेले, आणि तिथेच त्यांनी संगीतकार व्हायचं ठरवलं. पुढे पॅरिसला संगीतकार दारियुस मियो यांच्याकडे शिक्षण, मग नाटकं, मग त्रुफो आणि गोदार या दिग्दर्शकांचे चित्रपट.

त्रुफोच्या 'डे फॉर नाइट' (१९७३) मधला एक प्रसंग मी पुन्हा पुन्हा पाहते. चित्रीकरण चालू असताना दिग्दर्शकाला संगीतकाराचा फोन येतो. रिसीव्हरमधून नवी धून ऐकू येत असते आणि दिग्दर्शक ती ऐकता ऐकता सिनेमावरच्या पुस्तकांचं पुडकं उघडत असतो. फोनवरचा आवाज खुद्द दलर्यूंचा आहे. शूटिंग संपायच्या आत चित्रपटात संगीत येऊन पोचलंय! माझ्या मित्राच्या हाती पडतो तो कापून-जोडून तयार झालेला चित्रपट, त्यावर दुसऱ्याच कुणाचं तरी संगीत चिकटवलेलं, आणि फर्मान एकच: "असंच काहीतरी दे, लवकर."

फ्रान्समध्ये खास चित्रपटासाठी रचलेल्या संगीताचा रचनाकार कायद्यानेच चित्रपटाचा सहलेखक, म्हणजे सहकर्ता, मानला जातो, पटकथाकार आणि दिग्दर्शक यांच्या पंगतीला. हे १९५७ च्या कायद्यापासून चालत आलंय. आपला कॉपीराइट कायदाही १९५७ चाच, पण त्यात चित्रपटाचा 'लेखक' म्हणजे निर्माता! वेगळा करार नसेल तर संगीताचे हक्कही निर्मात्याचेच, असं १९७७ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही म्हटलं. २०१२ च्या दुरुस्तीने संगीतकाराला रॉयल्टीचा हक्क मिळाला, तो मोठाच विजय होता. तरी त्यातून चित्रपटगृहातलं प्रदर्शन वगळलेलंच आहे.

फ्रान्समध्ये सगळं आलबेल आहे असं मी म्हणणार नाही. इथेही संगीताची तरतूद तुटपुंजी असते, हे इथले संगीतकार सतत सांगतात. पण लेखक म्हणून मान नसेल तर काय होतं, तेही दलर्यूंच्याच कारकिर्दीत दिसतं. 'अ लिटल रोमान्स' (१९७९) साठी त्यांना ऑस्कर मिळालं, पुढे ते अमेरिकेत स्थायिक झाले. 'समथिंग विकेड धिस वे कम्स' या चित्रपटासाठी त्यांनी पूर्ण संगीत केलं. स्टुडिओने ते अख्खं काढून टाकलं आणि १९८३ मध्ये चित्रपट दुसऱ्याच संगीतकाराच्या नावावर आला. ऑस्करवाल्याची ही गत, तर पुण्यातल्या तरुण संगीतकाराने कुणाच्या जिवावर भांडायचं?

ग्रुपवर सगळ्यांना धास्ती होती ती एकाच गोष्टीची: आधीच कसाबसा उभा राहणारा मराठी निर्माता या रॉयल्टीने बुडेल. पण इथे ही रक्कम चित्रपटगृहं आणि दूरचित्रवाणी वाहिन्या 'सासेम' या १८५१ पासूनच्या संस्थेकडे भरतात आणि संस्था ती रचनाकारांना वाटते. निर्मात्याला ती स्वतःच्या खिशातून वेगळी भरावी लागत नाही. गोदारच्या 'ल मेप्री'साठी १९६३ मध्ये दलर्यूंनी केलेली नायिका कामीयची धून त्यांच्या मृत्यूनंतर, १९९५ मध्ये, अमेरिकी दिग्दर्शक स्कोर्सेसीने 'कसिनो'त वापरली. संगीत इतकं टिकतं, तर मोबदला पहिल्या चेकवरच का थांबावा? माझ्या मित्राने पुढच्या करारावर सही करण्याआधी रॉयल्टीचं कलम वकिलाकडून वाचून घ्यावं, आणि ग्रुपवरच्या आपण सगळ्यांनी त्याच्या पाठीशी उभं राहावं.