'वजन कमी करा' एवढंच सांगून भागत नाही

माझ्या मावशीला गेली पंधरा वर्षं प्रत्येक डॉक्टरने हेच ऐकवलं, वजन कमी करा. गुडघे दुखतायत, वजन कमी करा. दम लागतो, वजन कमी करा. बीपी, शुगर, पुन्हा तेच. पण या वजनाचा कॅन्सरशी संबंध असतो हे एकानेही सांगितलं नाही. मागच्या वर्षी तिला गर्भाशयाच्या अस्तराचा कॅन्सर निघाला तेव्हा ती मला म्हणाली, अगं, मला वाटायचं फार तर हार्टचं काहीतरी होईल. तेव्हापासून हे लिहायचं मनात होतं.

चरबी म्हणजे पोटावर नि मांड्यांवर साचून राहिलेला नुसता साठा, असंच आपण धरून चालतो ना? तसं नाहीये, ती सतत काम करत असते. पाळी गेल्यावर बायकांच्या ओव्हरीज इस्ट्रोजेन बनवायचं जवळपास बंद करतात, पण चरबीत अरोमाटेज नावाचं एन्झाइम असतं आणि ते शरीरातल्या दुसऱ्या हार्मोन्सपासून इस्ट्रोजेन तयार करतच राहतं, म्हणजे चरबी जितकी जास्त तितकं इस्ट्रोजेन जास्त. त्याला लगाम घालणारं प्रोजेस्टेरॉन मात्र तोवर संपलेलं असतं. मग गर्भाशयाच्या अस्तराला वर्षानुवर्षं वाढण्याचाच निरोप जात राहतो, पेशी पुन्हा पुन्हा विभागत राहतात, आणि जितक्या जास्त वेळा विभागणी तितकी चूक व्हायची शक्यता जास्त. पाळी गेल्यानंतरच्या ब्रेस्ट कॅन्सरमागेही हेच इस्ट्रोजेन असतं. शिवाय वजनामुळे रक्तात इन्सुलिन चढं राहतं, तेही पेशींना वाढायलाच सांगतं. आणि शरीरात आतल्या आत मंद सूज कायम राहते, जी बाहेरून दिसत नाही की दुखत नाही.

2002 साली जागतिक आरोग्य संघटनेच्या कॅन्सर संशोधन संस्थेने जादा वजनाशी जोडलेले पाच कॅन्सर सांगितले होते. 2016 ला पुन्हा सगळे पुरावे तपासले तेव्हा ते 13 झाले. मोठं आतडं, लिव्हर, किडनी, पित्ताशय, स्वादुपिंड, थायरॉइड, अन्ननलिकेचा एक प्रकार, असे बरेच. पण सगळ्यांत धोका सारखा नाही हे नीट समजून घ्या. बीएमआय (उंचीच्या मानाने वजन किती ते सांगणारा आकडा) 40 च्या पुढे असेल तर गर्भाशयाच्या अस्तराच्या कॅन्सरचा धोका साधारण सातपट होतो, बाकीच्या बहुतेकांत तो दुपटीच्या आतच राहतो. आणि वजन जास्त म्हणजे कॅन्सर होणारच असं अजिबात नाही, जास्त वजनाच्या बहुतेकांना तो होत नाही आणि सडपातळ माणसांनाही होतो.

म्हणूनच मला राग येतो तो टोमण्यांचा. कोणाला कॅन्सर झाला की मागे कुजबुज सुरू होते, खाण्यावर ताबा नव्हता ना. अहो, वजन काय फक्त जिभेमुळे वाढतं का? आनुवंशिकता आहे, झोप आहे, काही औषधं आहेत, पीसीओडी म्हणजे ओव्हरीज आणि हार्मोन्सचा त्रास आहे. लाज वाटून कोणाचंही वजन उतरत नाही, उलट माणूस डॉक्टरकडे जायचंच टाळतो. मावशीचं तेच झालं. पाळी जाऊन सहा वर्षं झाल्यावर तिला अधूनमधून थोडं थोडं रक्त जायला लागलं होतं. तीन महिने तिने कोणाला सांगितलं नाही, डाग पडलेले कपडे पहाटे सगळे उठायच्या आत वेगळे धुवून टाकायची. का? तर गेलं की परत वजनकाट्यावर उभं करतील आणि तेच ऐकावं लागेल.

वजन उतरलं तर फरक पडतो, हेही सांगायला हवं. 2022 ला अमेरिकेत 30 हजारांवर लोकांचा अभ्यास आला, त्यात ज्यांनी बॅरिअॅट्रिक सर्जरी, म्हणजे वजन उतरवण्यासाठीचं पोटाचं ऑपरेशन, करून घेतली होती त्यांच्यात वजनाशी जोडलेले कॅन्सर जवळपास एक तृतीयांशाने कमी दिसले. मी ऑपरेशन करा म्हणत नाहीये, पण आता काय उपयोग म्हणून सोडून देणाऱ्यांनी हे वाचावं.

आणि पाळी गेल्यानंतर एकदा जरी, अगदी थेंबभर जरी रक्त दिसलं, तर वजन कितीही असो, त्याच आठवड्यात स्त्रीरोगतज्ज्ञांना दाखवा. सोनोग्राफीत अस्तर किती जाड झालंय ते कळतं आणि गरज पडली तर बायोप्सी करतात. मावशीचा कॅन्सर गर्भाशयाबाहेर गेला नव्हता, ऑपरेशनवर भागलं. पण ते तीन महिने अजून माझ्या डोक्यातून जात नाहीत.