चावट गेम कसा बनवावा आणि खेळणाऱ्याची बोटं कशी मोडावीत

मोठ्यांसाठीचा विडंबन गेम बनवताय म्हणे. छान! संवाद वाह्यात आहेत, नायक बावळट आहे, १८ च्या वरची अट लावलीय, म्हणजे काम संपल्यातच जमा. उरले फक्त कंट्रोल्स. ते शेवटच्या आठवड्यात उरकून टाका. हसायला आलेल्या माणसाला बटणांशी काय देणंघेणं? तरी चुकून काही बरं होऊ नये म्हणून या चार सूचना. कालच रात्री असा एक गेम खेळून उठलोय, मनगट अजून ठणकतंय, तेव्हा सगळं ताजं आहे.

गेम हातात धरायच्या कंट्रोलरसाठी बनवा आणि कीबोर्डवाल्यांच्या अंगावर तसाच फेका. पडद्यावर 'एक्स दाबा' असं दाखवा, म्हणजे कंट्रोलरवरचा एक्स. कीबोर्डवरचा एक्स दाबून काहीच होत नाही हे कळेपर्यंत जो वेळ जातो, त्याला गेमप्ले म्हणतात.

बटणं बदलायची सोय देऊ नका. दिलीत तर मिनीगेममध्ये, म्हणजे गेममधल्या छोट्या गेममध्ये, ती लागू होणार नाही एवढं बघा.

नायक दारू प्यायला की दिशा उलट्या करा. हे आजवर कुणालाच सुचलेलं नाही.

शिकवणीचा धडा एकदाच दाखवा, तोही दुसरं पात्र वर बडबडत असताना. २०१४ च्या 'साउथ पार्क: द स्टिक ऑफ ट्रुथ'मध्ये पादणं हीच जादू आहे, आणि ती शिकवणाऱ्या धड्यातच कित्येक जण अडकून बसले. पादायला शिकवणी लागते आणि तरी ते जमत नाही, यापलीकडे तुम्ही काय जाणार? पण प्रयत्न करा.

आता मुख्य विषय. बटण बडवणे.

प्रसंग असा ठेवा: नायक राणीच्या कपाटात लपलाय, विजार बाहेर पलंगावर राहिलीय, राजा खोलीत आलाय आणि नायकाच्या पोटात गुडगुडतंय. आवाज होऊ द्यायचा नाही. त्यासाठी खेळणाऱ्याला शिफ्ट भराभर दाबायला लावा आणि त्याच वेळी माउस गोल गोल फिरवायला लावा. शिफ्टच का? कारण शिफ्ट लागोपाठ पाच वेळा दाबलं की विंडोज मधेच डोकं घालून विचारतं, 'स्टिकी कीज चालू करायच्या का?' (एकेक बटण दाबूनही जोडबटणांचं काम व्हावं यासाठीची ती सोय.) गेम खाली जातो, खेळणारा 'नाही' म्हणून परत येतो, तोवर राजाने कपाट उघडलेलं असतं. मग सेटिंगमध्ये जाऊन ते बंद करायचं. मग पुन्हा राजा आत येणार, पुन्हा दार लावणार, पुन्हा बुटांची लेस सोडणार. हे वगळता येता कामा नये हं. लेस दोन्ही बुटांची.

एवढं करून कुणी पुढे गेलाच, तर त्याला तीन अक्षरं एकदम दाबून धरायला सांगा. स्वस्त कीबोर्डात सगळ्या की तारांच्या एकाच जाळीत जोडलेल्या असतात, काही ठरावीक तिकड्या एकत्र दाबल्या की तिसरी की कॉम्प्युटरला कळतच नाही. बोट जागेवर आहे, की दाबलेली आहे, पण गेमच्या लेखी तुम्ही काही केलंच नाही! आणि नायक अजून किती तग धरेल हे दाखवणारी सहनशक्तीची पट्टी सेकंदाच्या हिशेबाने उतरवू नका, दर फ्रेमला, म्हणजे पडद्यावरच्या दर चित्रामागे उतरवा. म्हणजे सेकंदाला ३० फ्रेमवर ज्याला जेमतेम जमतंय, त्याने नवं ग्राफिक्स कार्ड घालून ६० फ्रेमवर खेळायला घेतलं की पट्टी दुप्पट वेगाने संपेल. पैसे खर्च केल्याची शिक्षा.

यात सगळ्यात वाईट काय सांगू? राजा ती विजार उचलून म्हणतो, "ही माझीच दिसते. पण मी इतका बारीक होतो कधी?" पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी मोठ्याने हसलो. चांगलं वाक्य आहे हो! राजाचं सगळं घमेंडखोर येडेपण त्यात आलंय. पण तेच वाक्य, त्याच सुरात, दर वेळी त्या लेसनंतर ऐकलं की कुणाचं डोकं फिरणार नाही? शेवटी मला राजाचाच राग यायला लागला. त्या बिचाऱ्याचा काय दोष? विनोद वेळेवर चालतो आणि वेळ तुम्ही माझ्या करंगळीवर सोपवलीत.

तक्रार आली तर ठरलेलं उत्तर द्या: "मुद्दाम केलंय. अवघड कंट्रोल्स हाच तर विनोद आहे." पुरावा म्हणून २००८ चा 'क्वॉप' पुढे करा. त्यात धावपटूच्या मांड्या दोन बटणांवर आणि पोटऱ्या दुसऱ्या दोन बटणांवर असतात, माणूस पावलागणिक कोसळतो. फक्त हे सांगू नका की तिथे कोसळणं हाच विनोद आहे आणि पडलं की एका बटणात पुन्हा सुरुवात करता येते. कुणी बुटांची लेस सोडत नाही.

जुन्या लोकांकडे तर बघूच नका. 'लेजर सूट लॅरी' १९८७ साली आला तेव्हा सगळं टाइप करावं लागे, नेमका शब्द सापडेपर्यंत जीव जायचा. १९९१ ला तोच गेम माउसवर नव्याने केला तेव्हा त्यांनी बघा-बोला-उचला या चिन्हांच्या रांगेत पँटच्या झिपचंही चिन्ह ठेवलं. कशावरही वापरा. कंट्रोलच चावट! २००१ च्या 'कॉन्कर्स बॅड फर डे'मध्ये जमिनीवर बी लिहिलेल्या जागी उभं राहून बी दाबलं की त्या क्षणाला जे हवं ते नायकाच्या, म्हणजे खारीच्या, हातात येतं. एक बटण. दाबलं की विनोद झाला. निन्टेन्डो ६४ या जुन्या गेमयंत्रावर, आणि तुम्हाला आज जमत नाही?

नाही, आता सरळच बोलतो. हे विडंबन नाही, आळस आहे. 'द लास्ट ऑफ अस पार्ट टू'मध्ये २०२० सालीच भराभर दाबण्याऐवजी नुसतं दाबून धरायचा पर्याय होता, आणि त्या गेममध्ये हसण्यासारखं फारसं काही नाही. ज्यांची बोटं आखडतात, ज्यांचा एकच हात चालतो, त्यांनी चावट विनोद ऐकूच नयेत का? तुमचा गेम तुम्ही एकदा तरी साध्या कीबोर्डवर, सुरुवातीपासून, कुणाला न विचारता खेळलात का? खेळला असतात तर त्या कपाटातच तुमचा जीव गेला असता.

लेस वगळू द्या. दाबून धरू द्या. बटणं बदलू द्या. तुमच्याकडे कुणीतरी आहे, ज्याने डोकं खाजवून ते विजारीचं वाक्य लिहिलं. त्याच्यासाठी तरी शिफ्ट सोडून दुसरं कुठलंही बटण निवडा.