सालेतेला विसरू नका
ब्राझिलियन अभिनेत्री ब्रूना मार्केझिनीवरचा तुमचा लेख आवडला, पण तिची ओळख २०२३ च्या 'ब्लू बीटल' या हॉलिवूडपटापासून करून दिलीत, ते खटकलं. रिओजवळच्या दुके दे काशियासमध्ये १९९५ साली जन्मलेली ही मुलगी २००३ मध्येच ग्लोबो वाहिनीच्या 'मुल्येरेस आपाइशोनादास' मालिकेतून घराघरांत पोहोचली होती. भरकटलेल्या गोळीने आई गमावलेली सालेते तिने साकारली, तेव्हा ती जेमतेम सात-आठ वर्षांची! इतकं दुःख त्या वयात पडद्यावर खरं वाटायला लावणं सोपं नाही हो. पुढे त्याच लेखकाच्या, मानोएल कार्लोस यांच्या, २०१४ च्या 'एम फामिलिया' मालिकेत तरुणपणीची एलेना आणि नंतर तिचीच मुलगी लुइझा, दोन्ही भूमिका तिच्याच. हॉलिवूड फार नंतर आलं. बालकलाकार म्हणून केलेल्या कामावर सविस्तर लिहा ना, मनापासून विनंती.